गोव्यातलं कॅथेड्रल, कोन्फ्रारिया आणि जात: एका प्रश्नाचं उत्तर

इतिहासात एम.ए. करणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारलं आहे: "पाउलो वारेला गोमिश यांचं गोव्याच्या चर्चवास्तूंवरचं पुस्तक वाचलं आणि मग जुन्या गोव्यात जाऊन से कॅथेड्रल पाहिलं. सोबतची गोव्याची मैत्रीण म्हणाली, 'आमच्यात जात नाही.' पण तिच्याच घरी स्थळं बघताना मुलगा बामण (ब्राह्मण) की चारडो (क्षत्रिय) हे आधी विचारतात. धर्म बदलला तरी जात कशी उरली? या इमारतींत ती कुठे दिसते का? आणि याबद्दल कुणाचं वाचावं?"

तीस वर्षं मी गोव्यातल्या चर्चवास्तूंची मोजणी आणि डागडुजी करतोय. पहिली आठ-दहा वर्षं तुमचा प्रश्न मला पडलाच नाही, कारण माझं सगळं लक्ष भिंतींकडे होतं. तो पडला दक्षिण गोव्यात, साष्टीतल्या एका चर्चच्या छपराचं काम चालू असताना. मुख्य वेदीच्या वरचं लाकूड वाळवीने पोखरलं होतं. ते बदलणारा मेस्त त्याच गावचा, कॅथलिक. सहा महिने तो रोज परांचीवर, वेदीच्या डोक्यावर बसून काम करत होता. मग गावचं मोठं फेस्त (चर्चचा सण) आलं. लाल झगे घातलेली माणसं मेणबत्त्या घेऊन मिरवणुकीत निघाली आणि हा अंगणातल्या क्रुसापाशी हात बांधून उभा. मी विचारलं, तुम्ही का नाही? तो म्हणाला, "हें फेस्त गावकारांचें. आमचें वेगळें." इतक्या सहज म्हणाला की मलाच पुढे काय बोलावं ते सुचेना. त्या दिवसापासून भिंतींबरोबर मी चर्चच्या वह्याही वाचू लागलो, आणि पुढे जे सांगतोय ते बरंचसं त्या वह्यांनी शिकवलेलं आहे.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. गोव्याच्या ख्रिस्ती समाजातला बहिष्कार उतरंडीसारखा रचलेला होता. पोर्तुगीजांनी ज्याला दारात अडवलं, त्याने आपल्या मागच्याला अंगणात अडवलं, आणि त्याने आणखी मागच्याला वेशीवर. त्यामुळे 'पोर्तुगीजांनी अन्याय केला' एवढ्यावर थांबणारा इतिहास मला अपुरा वाटतो आणि 'चर्चने समता आणली' हा तर त्याहून अपुरा.

कॅथेड्रलपासूनच सुरुवात करू. काथेड्रा म्हणजे बिशपचं आसन. ते जिथे असतं ते कॅथेड्रल. पोर्तुगीज सेनानी आल्बुकेर्कने २५ नोव्हेंबर १५१० रोजी शहर घेतलं. तो सांता कातारिना या संतिणीचा दिवस, म्हणून हे चर्च तिच्या नावाचं. १५३४ मध्ये गोवा हे बिशपचं ठाणं झालं. आज दिसते ती इमारत १५६२ मध्ये सुरू झाली, मुख्य बांधकाम १६१९ पर्यंत चाललं आणि १६४० मध्ये तिचा अभिषेक झाला. लांबी सुमारे ७६ मीटर. १७७६ मध्ये दोन मनोऱ्यांपैकी एक कोसळला आणि तो परत बांधलाच नाही, म्हणून समोरून पाहिलं की एक खांदा नसल्यासारखं वाटतं. आत मधला मोठा दालनभाग, दोन्ही बाजूंना चार-चार कापेल (छोटी प्रार्थनादालनं), त्यांतल्या दोघांना नक्षीदार लाकडी जाळ्या. पर्यटक इथे सोनेरी घंटेची गोष्ट ऐकतात आणि निघतात.

मी मात्र विद्यार्थ्यांना त्या आसनाबद्दल विचारतो. त्यावर गोव्याचा माणूस पहिल्यांदा कधी बसला? १९७८ मध्ये. राऊल निकोलाव गोन्साल्विस हे पहिले गोमंतकीय आर्चबिशप. १५३४ पासून मोजलं तर ४४४ वर्षं. पोर्तुगीज राजवट १९६१ मध्ये संपली, त्यानंतरही सोळा वर्षं जावी लागली. गोव्यात पाद्री कमी होते असंही नाही. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून बहुतेक गावांची चर्चं गोमंतकीय पाद्रीच सांभाळत होते. त्यांनी प्रार्थना चालवायची, लेकरांना बाप्तिस्मा द्यायचा, प्रेतं पुरायची. आसन मात्र समुद्रापलीकडून येणाऱ्याचं.

आणि त्या मधल्या दालनात कोण कसं यायचं? लिन्सखोटेन नावाचा डच माणूस १५८३ ते १५८८ या काळात गोव्याच्या आर्चबिशपच्या पदरी सचिव होता. पालखीतून चर्चला येणाऱ्या पोर्तुगीज घरच्या बायका आणि त्यांच्या बैठकीचं सामान घेऊन मागे चालणाऱ्या गुलाम बायका त्याने पाहून लिहिल्या आहेत. त्या गुलामांचाही बाप्तिस्मा झालेला असे. एकाच छताखाली, एकाच प्रार्थनेला दोघी हजर.

आता वारेला गोमिश. हे पोर्तुगीज वास्तुइतिहासकार, कुइंब्रा विद्यापीठात शिकवायचे, काही वर्षं गोव्यात राहिले, २०१६ मध्ये वारले. त्यांचं पुस्तक २०११ चं, आणि नावातच चुन्याची सफेदी आणि तांबडा दगड आहे. हा तांबडा दगड म्हणजे आपला जांभा. (जाता जाता सांगतो: बॉम जेझूची बाझिलिका आज तांबडी दिसते कारण १९५० च्या दशकात तिचा गिलावा खरवडून काढला. जांभा उघडा राहिला की पावसात झिजतो, आणि ती झीज मी वर्षानुवर्षं डोळ्यांनी बघतोय. 'मूळचं रूप' म्हणून त्या तांबड्या भिंतीचं कौतुक होतं तेव्हा जीव तुटतो.) गोमिश यांचं मोठं काम असं की त्यांनी गोव्यातली चर्चं ही युरोपची नक्कल किंवा दोन शैलींची भेसळ मानणं सोडून दिलं. सतराव्या शतकापासून गावोगावी उभी राहिलेली चर्चं गोमंतकीयांनी, आपल्या पैशाने, आपल्या मानासाठी बांधली, आणि तो स्वतंत्र वास्तुप्रकार आहे, असं ते दाखवतात. तिसवाडीतलं (जुन्या गोव्याच्या तालुक्यातलं) तळावलीचं सांत आना त्याचा उत्तम नमुना. १६९५ मध्ये पुरं झालं, आणि त्याची सुरुवातही गोमंतकीय पाद्रीने केली. त्याच्या समोर उभं राहिलं की गोमिश यांचं म्हणणं पटतं.

पुस्तक वाचताना एकच सावधगिरी बाळगा. 'गोमंतकीयांनी बांधलं' या वाक्यात गोमंतकीय म्हणजे गावातला वरचा थर. गोमिश हे लपवत नाहीत, पण आपण वाचताना तो शब्द सगळ्या गावाला लावून मोकळे होतो. जांभा खाणीतून काढणारे, चुना भाजणारे, छप्पर शाकारणारे हात त्या 'आम्ही'त नव्हते.

जात का उरली, याचं माझ्या मते सर्वांत ठोस कारण जमीन. पोर्तुगीज येण्याआधी तिसवाडीतली गावं गावकार चालवायचे: मूळ वसाहत केलेल्या घराण्यांचे वांगड, त्यांच्या ताब्यात सामाईक जमीन, उत्पन्नातून खर्च भागवून उरेल ते गावकारांत वाटायचं. त्या वाट्याला झोण म्हणतात. १५२६ मध्ये अफोन्सु मेशिया या पोर्तुगीज अधिकाऱ्याने या रूढी लिहून काढल्या आणि राजाच्या नावाने कायम केल्या. त्याच सनदेला फोराल म्हणतात. सारा वसूल होत राहावा म्हणून राज्यकर्त्यांना ही व्यवस्था हवीच होती. पुढे देवळं पाडली गेली आणि देवळांच्या जमिनींचं उत्पन्न १५४० च्या दशकापासून चर्चकडे वळवलं. पण गावकार हा गावकारच राहिला. धर्मांतरं बऱ्याच ठिकाणी घराण्यांच्या घराण्यांनी, वाड्यांच्या वाड्यांनी झाली. ज्याचा झोणीवर हक्क होता त्याचा बाप्तिस्म्यानंतरही राहिला, आणि ज्याचा नव्हता त्याला बाप्तिस्म्याने तो मिळाला नाही. पूर्वी देवळात पहिला मान ज्याचा, त्यालाच आता चर्चच्या फेस्तात पहिला मान. हे समजलं की 'धर्म बदलला तरी जात कशी उरली' हा प्रश्न उलटा करून विचारावासा वाटतो: शेत, वाटा आणि मान तिघेही जागच्या जागी असताना ती जाणार कशी?

हा मान ज्या संस्थेतून चालला ती कोन्फ्रारिया. चर्चमधली बंधुसंघटना. फेस्त भरवणं, मिरवणुकीत पालखीवरचं छत्र धरणं, मेलेल्या सभासदाला सन्मानाने पुरणं ही तिची कामं. सभासद कोण होऊ शकतो हे तिच्या नियमावलीत लिहिलेलं असतं, आणि अनेक गावांत ती जागा ठरावीक वांगडांपुरती राखलेली होती. इतरांसाठी दुसरी कोन्फ्रारिया, दुसरा दिवस, दुसऱ्या रंगाचा झगा. ओपा-मुर्सा म्हणतात त्या झग्याला. कुठे वरच्यांचा लाल, खालच्यांचा निळा. रंग गावागणिक बदलतात, वाटणी बदलत नाही. सगळ्यांत शेवटी गावडे, कुळवाडी आणि ज्यांना गावाबाहेरच ठेवलं ते. त्यांना कोणताच झगा नाही.

आता पाद्रीपणाचं दार. इथे उतरंड सर्वांत स्वच्छ दिसते, म्हणून जरा सावकाश सांगतो.

१६०६ मध्ये गोव्यात पाचवी प्रांतिक धर्मसभा भरली. तिने ठरवलं की दीक्षा द्यायची तर ती ब्राह्मण किंवा प्रतिष्ठित मानल्या जाणाऱ्या इतर जातींच्या मुलांनाच. खालच्या जातीच्या माणसाला लोक पाद्री म्हणून मान देणार नाहीत, हे कारण. म्हणजे जात ही गावकऱ्यांनी चर्चमध्ये गुपचूप आणलेली जुनी सवय होती, असं म्हणायची सोय उरत नाही. धर्मसभेने ती नियमात लिहून घेतली. आणि ज्यांना दीक्षा मिळाली त्यांनाही फ्रान्सिस्कन, जेझुइट वगैरे युरोपीय संघांनी आपल्यात घेतलं नाही. गावच्या विगाराचा (मुख्य पाद्रीचा) मदतनीस, एवढीच त्यांची पायरी.

अशा काळात दिवाडी बेटावरचा एक ब्राह्मण मुलगा, मातेउश द काश्त्रु. जन्म १५९४ च्या सुमाराचा. गोव्यात दीक्षा मिळेना म्हणून तो रोमला गेला. रोमला तेव्हा पोर्तुगीजांच्या मक्तेदारीबाहेर आपले पाद्री हवे होते. तिथे तो शिकला, दीक्षा घेतली आणि १६३७ मध्ये बिशप झाला. लॅटिन पंथाचा पहिला भारतीय बिशप. त्याच्याकडे आदिलशाही मुलुख सोपवला होता. गोव्याच्या आर्चबिशपने त्याची कागदपत्रंच मानली नाहीत. से कॅथेड्रलची इमारत पुरी झालेली, तिच्यासमोरच्या नदीत त्याचं जन्मगाव असलेलं बेट, आणि हा बिशप राहतो डिचोलीत, आदिलशहाच्या हद्दीत. १६५३ मध्ये त्याने 'ब्राह्मणांचा आरसा' अशा अर्थाच्या नावाचं पत्रक लिहून गोव्यातल्या ब्राह्मणांना पोर्तुगीजांविरुद्ध उठायला सांगितलं. १६७७ मध्ये तो रोममध्येच वारला.

शाळेत असताना हा माणूस मला नायक वाटला असता. आजही त्याच्या जिद्दीपुढे मी नमतो. पण त्याचा आरसा नीट वाचा. तो कुणाला हाक मारतोय? ब्राह्मणांना. डिचोलीत त्याने ज्यांना दीक्षा दिली म्हणून गोव्यात गहजब झाला, ते कोण? ब्राह्मण. पाद्रीपण आपल्या जातीचा हक्क आहे आणि तो पोर्तुगीजांनी हिरावला, ही त्याची तक्रार. चारडो किंवा शूद्र त्याच्या हिशेबात नव्हते.

पुढची पिढी तशीच. युरोपीय संघ घेत नाहीत म्हणून १६८० च्या दशकात गोमंतकीय पाद्रींनी जुन्या गोव्यात सांता क्रूज दुश मिलाग्रिशच्या टेकडीवर आपला संघ उभा केला. त्यातूनच जुझे वाझ १६८७ मध्ये सिलोनला गेले. डच सत्तेच्या नजरेआड, वेषांतर करून त्यांनी तिथला कॅथलिक समाज जगवला. २०१५ मध्ये पोप फ्रान्सिस यांनी त्यांना संत घोषित केलं. केवढं मोठं काम! आणि तरी त्या संघाचं दार ब्राह्मणांपुरतं होतं. चारडोंना मग चिंबल गावी वेगळी वाट धरावी लागली.

याच भांडणातून दोन पुस्तकं निघाली, आणि ती माझ्या मते गोव्याच्या सामाजिक इतिहासातली सर्वांत बोलकी साक्ष आहेत. १७०२ मध्ये लिस्बनला आंतोनियु जुवांव द फ्रियश या ब्राह्मण पाद्रीचं पुस्तक छापलं गेलं: ब्राह्मण हेच भारतातले खरे कुलीन, आणि त्यांचं नातं थेट बाळयेशूला भेटायला आलेल्या ज्ञानी राजांशी. १७१३ मध्ये लिओनार्दु पाइश या चारडो पाद्रीने उत्तर दिलं: कुलीन म्हणजे राजे, राजे म्हणजे क्षत्रिय, आणि क्षत्रिय म्हणजे आम्ही. दोघेही पाद्री, दोघेही कॅथलिक, दोघेही बायबल आणि पुराणं एकाच दमात वापरतात. 'मी तुझ्यापेक्षा वरचा' हे सांगण्यासाठी.

ही पुस्तकं उलगडून दाखवणाऱ्या अभ्यासक म्हणजे लिस्बनच्या आंजेला बार्रेतु शाव्हियेर. पोर्तुगालमध्ये 'रक्ताची शुद्धता' नावाची गोष्ट होती. ज्याच्या वंशात ज्यू किंवा मुसलमान नाही त्यालाच पदं मिळायची. गोव्यातल्या वरच्या जातींनी ही कल्पना उचलली आणि आपल्या जातीच्या शुद्धतेला तिचे कपडे चढवले, असं त्या दाखवतात. युरोपातला वंशभेद आणि इथला जातिभेद एकमेकांना ओळखतात, हात मिळवतात. शाव्हियेर यांचं मोठं पुस्तक पोर्तुगीजमध्ये २००८ मध्ये आलं आणि इंग्रजीत २०२२ मध्ये. गोमिश यांच्यानंतर लगेच तेच घ्या.

'रक्ताच्या शुद्धते'चं दुसरं टोक इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय. ते गोव्यात १५६० मध्ये आलं आणि मधली १७७४ ते १७७८ ही चार वर्षं सोडली तर १८१२ पर्यंत चाललं. गार्सिया द ओर्ता या वैद्याने १५६३ मध्ये गोव्यातच छापलेला औषधी वनस्पतींचा ग्रंथ जगभर गेला. तो १५६८ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी त्याच्या बहिणीला छुपी ज्यू म्हणून जाळलं आणि १५८० मध्ये त्याची हाडं उकरून जाळली. मेल्यावर बारा वर्षांनी एखाद्याला पवित्र मातीतून बाहेर काढणं, याहून पूर्ण बहिष्कार कोणता असू शकेल? यासाठी आपल्या अ. का. प्रियोळकरांचं १९६१ चं पुस्तक अजून वाचावं लागतं. प्रियोळचा हा माणूस मराठी संशोधन मंडळात बसून हे काम करत होता, ही आपल्यासाठी अभिमानाची गोष्ट आहे. फक्त एक जाणवतं. इन्क्विझिशनबद्दल तावातावाने बोलणारे पुष्कळ भेटतात, आणि १६०६ च्या त्या नियमाबद्दल विचारलं की गप्प होतात. पहिल्या गोष्टीत दोष परक्याचा आहे. दुसरीत आपले आजोबा-पणजोबा येतात.

कायद्याने काय झालं ते थोडक्यात. १७६१ मध्ये पोर्तुगालचा मंत्री पोंबाल याने फर्मान काढलं की बाप्तिस्मा झालेल्या गोमंतकीयांना पोर्तुगीजांइतकेच हक्क, आणि त्यांना अपमानाच्या शब्दांनी हाक मारणाऱ्याला शिक्षा. तेच १७७४ मध्ये पुन्हा सांगावं लागलं, यावरून पहिल्याची अंमलबजावणी समजते. १७८७ चा पोर्तुगीज सत्तेविरुद्धचा पिंटोंचा उठाव या चिडीतूनच झाला. त्यातले दोन पाद्री बढतीसाठी लिस्बनला जाऊन रिकाम्या हाताने परतले होते. या सगळ्यात खालच्या जातींसाठी एकही ओळ नव्हती.

तुमचा मधला प्रश्न राहिला: हे इमारतीत दिसतं का? तमिळनाडूत वडक्कनकुलम गावी दिसत होतं. तिथल्या चर्चचे दोन दालनभाग एका वेदीपाशी येऊन मिळायचे, पायजम्याच्या दोन पायांसारखे, म्हणजे नाडार आणि वेल्लाळ या दोन जाती एकमेकांना न दिसता प्रार्थना करू शकतील. मधली आडभिंत १९१० मध्ये पाडली, तीही मोठ्या भांडणानंतर. गोव्यात अशी भिंत मी कुठे मोजलेली नाही. गोव्यातली चर्चं एका मोठ्या, उघड्या दालनाची, वेदी सगळ्यांना दिसते. वाटणी आहे ती वेळेची, रंगाची आणि हक्काची, आणि नकाशात या तिन्ही गोष्टी काढता येत नाहीत. म्हणून नुसती वास्तू वाचणारा अभ्यासक, मी सुरुवातीला होतो तसा, गोव्यात समता पाहून परततो.

रोवेना रॉबिन्सन यांचं १९९८ चं पुस्तक इथे उपयोगी पडेल. दक्षिण गोव्यातल्या एका गावात राहून त्यांनी कोन्फ्रारिया, फेस्ताचे मान आणि लग्नं जवळून पाहिली. मग पणजीच्या पुराभिलेखागारात जा. त्याची सुरुवात १५९५ ची आणि पहिला अभिलेखपाल इतिहासकार दियोगु दु कोतु. इन्क्विझिशनचे बहुतेक कागद नष्ट केले गेले, पण गावकारींच्या वह्या भरपूर आहेत. पोर्तुगीज वाचायला शिकावं लागेल. जुनं हस्ताक्षर सहा महिन्यांत ओळखीचं होतं, धीर सोडू नका. अनेक गावांतल्या हिशेबाच्या वह्या मोडी किंवा कन्नड वळणाच्या लिपीत सुरू होतात आणि नंतर पोर्तुगीजवर येतात. मोडी येत असेल तर तुम्ही लिस्बनच्या अभ्यासकांपेक्षाही एक पाऊल पुढे आहात.

मैत्रिणीशी भांडू नका. ती खोटं बोलत नसेल. अनेक फिरगजांत (चर्चच्या गावांत) आता फेस्त सगळ्यांचं झालंय, आणि तिच्या पिढीने बाकावर कुणाशेजारी बसायचं याचा विचार कधी केलेलाही नसेल. तिच्या गावच्या चर्चमध्ये तिच्याबरोबर जा, विगाराला विचारून साक्रिस्ती, म्हणजे वेदीमागची वस्त्रांची खोली, बघा. झगे तिथे खुंट्यांवर किंवा कपाटात असतात. कोणते साक्रिस्तीत ठेवलेत आणि कोणते घरून आणावे लागतात, ते विचारा. मग घरी गेल्यावर तिच्या आजीला विचारा, आजोबांना पुरताना कोणत्या रंगाचा झगा घातला होता.